विंगेतली फाइल

देवराव,

तू गेल्यावर तुझ्या दुकानात सगळ्यात आधी तोंड उघडलं ते तुझ्या कॉम्प्युटरनं, आणि तेही इंग्रजीत. मी नकलांचं बटण दाबलं, तर पडद्यावर एक राखाडी चौकट आली. कडेला लाल फुली आणि आत एक ओळ. थांबून थांबून वाचली. अर्थ एवढाच निघाला की, ज्याच्या भरवशावर हे काम चालतं तो सापडत नाही. मी मशीनला म्हटलं, "बापा, हे तं आमाले माहीत हाये. नवीन काई सांग."

कुसुमवहिनी मागच्या खुर्चीवर बसल्या होत्या. त्या हसल्या नाहीत. तू असतास तर हळूच म्हणाला असतास, "वसंता, घाई केली. हशा वाया घालवला."

घाई केली, खरं आहे. पण मला दुसरं काय येतं? सारी हयात झाडीपट्टीच्या नाटकांत काढली. धान घरात आलं की दिवाळीपासून होळीपर्यंत गावोगाव फिरायचं, आणि प्रत्येक गावात धाकटा भाऊ होऊन मरायचं. अख्ख्या झाडीत माझ्याइतकं सुंदर कोणी मरत नाही, हे मी स्वतः सांगतो, कारण दुसरं कोणी सांगेपर्यंत मला दम निघत नाही. एवढी मरणं केली, पण चंद्रपूरच्या दवाखान्यातून तुला मूल गावी आणलं तेव्हा माझे हात कुठे ठेवायचे ते मला कळेना. रंगमंचावर मेलेल्याचे हात कुठे असतात ते मला ठाऊक आहे. जिवंत राहिलेल्याचे हात कुठे असतात, ते मला कोणी शिकवलंच नव्हतं.

तेरवीचं जेवण उरकलं आणि तुझे मोठे भाऊ, गोविंदभाऊ, दुकानाच्या पायरीवर बसले. सगळ्यांदेखत वहिनींना म्हणाले, "बाई, आता इथी एकटीनं कायले राहता? गावाले चला. घर हाये, वावर हाये. हे मशीन मिलवाला शेट न्यायले तयार हाये, त्याचा हिशेब त्याच्यातच तं हाये." भाऊंच्या मनात वाकडं काही नव्हतं, देवराव. तुला उचलताना पहिला खांदा दिला तो याच माणसानं.

वहिनी खाली पाहत म्हणाल्या, "भाऊ, यंदाच्या नाटकाच्या नकला देतो म्हणून ह्यायनं शब्द देल्ला होता. तेवढ्या निघू द्या. निघाल्या तं दुकान चालते म्हणा. नाई निघाल्या तं मी गावाले येईन."

भाऊंनी बाबारावकडे पाहिलं. बाबाराव म्हणजे आपल्या मंडळाचा मालक, आणि रंगमंचावरचा माझा कायमचा थोरला भाऊ. तो घसा खाकरून म्हणाला, "धान कापाच्या आधी वडशाले नाटकाचं वाचन हाये. तवापर्यंत पायजेत गा. नाई तं मले दुसरीकून लिहून घ्या लागन."

म्हणून मी तिथे बसलो होतो. तुझ्या खुर्चीवर, तुझ्या उशीवर, तुझ्या त्या बटणापुढे. आणि मशीन सांगत होतं, सापडत नाही.

तुझ्याआधी नकला कशा व्हायच्या ते नव्या पोरांना सांगून पटत नाही. नक्कल म्हणजे ज्याच्या-त्याच्या वाट्याचं नाटक. माझ्या कागदावर फक्त माझी वाक्यं, आणि प्रत्येक वाक्याआधी समोरच्याच्या वाक्याची शेपटी, तोंड कधी उघडायचं ते कळावं म्हणून. सगळं हातानं. कार्बन लावून दोघं-तिघं बसायचे, बोटं निळी व्हायची, आणि नायिकेची दोन वाक्यं हमखास खलनायकाच्या कागदावर जायची. एका गावात खलनायकानं ती म्हटलीसुद्धा. लाजून म्हटली.

मग तू मूलच्या बाजारात ते दुकान टाकलंस. टायपिंग, झेरॉक्स, लग्नपत्रिका. टायपिंगची परीक्षा पास झालेल्या वहिनी, तू दोन बोटांनी कोंबडीसारखं टिपणारा. पण ते बटण मात्र तुझं. वहिनींनी अख्खं नाटक टाइप करायचं, तू बटण दाबायचं, आणि मशीन एकेक पात्र निवडून त्याची नक्कल वेगळी काढायचं. तांदळातून खडे निवडावेत तसं, पण इथे प्रत्येक खड्याचा मान वेगळा. पहिल्यांदा दाखवलंस तेव्हा मी मशीनच्या मागे जाऊन पाहून आलो, कोणी बसलंय का.

"हे निवडते कोण?" मी विचारलं होतं. "तू?"

"मी फक्त सांगतो का वसंताचं वेगळं काढ, बाबारावचं वेगळं काढ. ढिगारे लावणारा दुसराच हाये."

आणि तू मला ती फाइल दाखवलीस. सिस्टिमच्या फोल्डरमध्ये, तिच्यासारख्याच फाइलींच्या जत्रेत. रंग नाही, चित्र नाही. डीएलएल, तू म्हणालास. मी तिच्यावर माउसची टिचकी मारली, पुन्हा मारली. काही नाही.

"हे तं मेलेली हाये बे."

"मेलेली नाई. विंगेत उभी हाये. तिले आपणहून स्टेजवर येता येत नाई. कोणी अडला, त्यानं हाक देल्ली, का ते शब्द पुरवते आणि गप होते. माहा प्रोग्राम तिलेच हाक मारते, मिलवाल्याचा हिशेबही तिलेच. एक फाइल, दहा कामं."

हे सांगताना तुझ्या चेहऱ्यावर जे होतं ते मला ओळखीचं होतं. कारण तू स्वतः तेच होतास. तू आमचा प्रॉम्प्टर. आमचाच कशाला, दोन-तीन मंडळं तुला वाटून घ्यायची. आज इथे, उद्या तिथे, खांद्यावर घोंगडी, हातात टॉर्च, पडद्याच्या फटीला नाक. तुझा आवाज अडलेल्या नटापर्यंत पोचायचा आणि तिथेच थांबायचा. पहिल्या ओळीतल्या म्हाताऱ्यांनाही कधी ऐकू गेला नाही. लोक म्हणायचे, वसंता थांबतो किती छान, वाक्याआधी कसा दाटून येतो. दाटून कसला येतो! वसंता विसरलेला असायचा. ती शांतता माझी नव्हतीच, ती तू शब्द पाठवीपर्यंतची वाट होती. माझी अर्धी कीर्ती तुझ्या घशातून आलेली आहे, हे मी तुला कधी म्हटलं नाही. तुलाही ते ऐकायची घाई नव्हती.

पण तुझ्या त्या एका पराक्रमाची गोष्ट सांगितल्याशिवाय मी पुढे जाणार नाही. तू रागावशील तर रागाव.

"धुऱ्यावरचा भाऊ". दोन भाऊ, मध्ये वावराचा धुरा, म्हणजे बांध, भांडण, ताटातूट. शेवटी धाकटा, म्हणजे मी, धुऱ्यावर पडतो, थोरल्याच्या मांडीवर डोकं ठेवतो आणि मरतो. ते मरण लिहिणारे मास्तर सिंदेवाहीकडचे. पुढे त्याच मास्तरांनी दुसऱ्या मंडळासाठी शेवट बदलला. थोरला म्हणतो, "ऊठ. बैल जुंप." आणि धाकटा उठतो. दोन्हीकडे प्रॉम्प्टर तू. नवा शेवट आला तो तू जुन्याच नावानं, जुन्याच जागी साठवलास. जुना पुसला गेला. आमच्या नकला आधीच निघालेल्या, त्यांत मी मरत होतो. तुझ्या हातातलं पुस्तक मागाहून छापलेलं, त्यात मी जगत होतो.

आणि एका गावात, ऐन मरणात, बाबाराव वाक्य विसरला.

त्यानं विंगेकडे पाहिलं. तू शब्द पाठवलास. बाबारावची एक गोष्ट चांगली आहे, विंगेतून जे येईल ते तो म्हणतो. विंगेतून कोणी जेवायला बोलावलं तर तेही म्हणेल. तो दाटल्या गळ्यानं म्हणाला, "ऊठ. बैल जुंप."

मी डोळे मिटून पडलेला. मला वाटलं, शोकानं भाऊ भ्रमिष्ट झाला. मी अजून थोडा मेलो. रंगमंचापुढच्या खड्ड्यात बसलेल्या ऑर्गनवाल्यानं शोकाचे सूर सुरूही केले होते. बाबारावनं पुन्हा विंगेकडे पाहिलं, तू पुन्हा तेच पाठवलंस, जरा रागानं. त्यानंही रागानं म्हटलं, "अबे ऊठ ना! बैल जुंप!" तेवढ्यात पुढे बसलेली एक म्हातारी बाई कळवळून म्हणाली, "ऊठ ना रे बाबू. मोठा भाऊ सांगून रायला."

मी एक डोळा उघडला. सगळं गाव माझ्याकडे पाहत होतं. उठलो, देवराव. काय करणार? उठून उभा राहिलो, तोच माझी विधवा, विंगेत बांगड्या फोडून, कपाळ पुसून, हंबरडा फोडत आत आली, आणि मला उभा पाहून खरीखुरी किंचाळली. तसली किंचाळी तिनं पुन्हा कधी काढली नाही. ऑर्गनवाला शहाणा, त्यानं शोकातूनच लग्नाच्या चालीत उडी घेतली.

सकाळी गावकरी चहाला आले. अर्धे म्हणाले, मरायले पायजे होतं. अर्धे म्हणाले, उठला हे बेस झालं. आणि तू आणि मी जे भांडायला लागलो ते पुढच्या सगळ्या हंगामांत भांडत राहिलो.

"माहं मरण खाल्लं तू," मी म्हणायचो. "प्रत्येकाची प्रत प्रत्येकाच्या खिशात पायजे. तुह्या एका जागी ठेवाच्या नादानं एक बिघडली का सगळे बिघडतेत."

"आणि एका जागी सुधरली का सगळ्यायची सुधरते, ते नाई दिसत तुले? मास्तरनं शेवट चांगला केला. काऊन सगळ्यायले भेटू नये?"

"लोक रडायले येतेत बे!"

"रडाले येतेत. पण सकाळी उठून वावरात जा लागते त्यायले. मेलेला पाहून जाणं होत नाई, उठलेला पाहून होते."

मग तू विषय मशीनवर आणायचास आणि मी तुझ्या मागोमाग यायचो, कारण भांडण तेच होतं. एकदा मिलवाल्याच्या हिशेबाच्या सॉफ्टवेअरनं येता येता ती फाइल जुन्या प्रतीनं पुसून टाकली आणि तुझं बटण मुकं झालं, तेव्हा मी दुकानात येऊन नाचलो होतो. "पाह्य! एक फाइल, दहा कामं! एक मेली का दहा मेले! आता बोल."

तू चष्मा पुसलास. "त्याचं उत्तर हाये माह्याजवळ."

"सांग."

"सांगतो. ग्राहक हायेत आता."

ग्राहक म्हणजे एक शेळी होती, ती पायरीवर उभी राहून तुझ्या झेरॉक्सचे कागद खात होती. पण तू सांगितलं नाहीस ते नाहीच. पुढे कधीही मी विचारलं की तेच: हाये उत्तर, सांगतो. मी म्हणायचो, नाही तुझ्याजवळ उत्तर, म्हणून लांबवतोस. तू फक्त हसायचास. प्रॉम्प्टरनं नटाला लटकत ठेवणं शोभत नाही, देवराव.

यंदा पावसाळ्यात मिलवाल्याचं ते सॉफ्टवेअर पुन्हा नवं झालं, आणि दरवेळसारखं तेच झालं. आणि यंदाच बाबारावनं "धुऱ्यावरचा भाऊ" पुन्हा काढायचं ठरवलं. तू योग्य ती फाइल शोधून जागेवर ठेवलीस, आणि त्याच आठवड्यात तुला चंद्रपूरला न्यावं लागलं.

दवाखान्यात मी तुला हसवायला यायचो. नर्सची नक्कल केली, शेजारच्या रिकाम्या खाटेवर झोपलेल्या गोविंदभाऊंच्या घोरण्याची केली. त्या दुपारी मी म्हटलं, "देवराव, उत्तर राह्यलं बरं. एक मेली का दहा मेले. आज ग्राहक नाई, शेळी नाई."

तू डोळे उघडलेस. बोलणं तुटत होतं. "फाइल जागेवर ठेवली. नाव नोंदवाचं राह्यलं." मग बराच वेळ श्वास. "कुसुमले..."

तेवढ्यात नर्स इंजेक्शन घेऊन आली आणि मला बाहेर जा म्हणाली. ते "कुसुमले" तसंच लटकत राहिलं. कुसुमले सांग? कुसुमले सांभाळ? कुसुमले गावाले पाठव? परतीच्या एसटीत मी ते वाक्य माझ्या मनानं पूर्ण करत आलो, आणि प्रत्येक वेळी ते वेगळं पूर्ण झालं. तू गेल्यावर तर मी ते वहिनींसमोर काढायलाच भ्यालो. माझ्या तोंडून चुकीचा शेवट गेला असता तर?

पण त्या दिवशी, त्या लाल फुलीपुढे, माझ्याजवळ दुसरं काहीच उरलं नव्हतं. बटण दाबून झालं, मशीन बंद करून चालू करून झालं, आणि खोटं कशाला सांगू, उदबत्तीही लावून झाली. वहिनी उठल्या आणि खिडक्या लावायला लागल्या, दुकान कायमचं बंद करताना लावतात तशा, एकेक कडी नीट पाहून.

मी म्हटलं, "वहिनी, दवाखान्यात तो एक बोलला होता. फाइल जागेवर ठेवली, नाव नोंदवाचं राह्यलं. मंग 'कुसुमले' म्हणाला आणि थांबला."

वहिनींचा हात कडीवर थांबला. "पुढं?"

"पुढं काई नाई."

त्या वळल्या. "कुसुमले विचार," त्या म्हणाल्या. "तेच म्हणत होते. दुसरं काय म्हणतीन?"

आणि मला आठवलं. तुझ्या दुकानावरून जाताना कितीदा तरी मी ऐकलं होतं, तू एकटाच पडद्यापुढे बसून "हां... हां... हां..." करतोयस. मला वाटायचं, मशीनशी बोलतोस. चहाच्या टपरीवर मी त्याचीही नक्कल करायचो, लोक पोट धरून हसायचे. तू एकटा नसायचास. आतल्या खोलीत भाजी चिरता चिरता वहिनी बोलत असायच्या. इतकी नाटकं तोंडपाठ असलेल्या माणसाला ती एक इंग्रजी ओळ जन्मात पाठ झाली नाही. फाइल जागेवर असून चालत नाही. ही इथे आहे, हिला हाक मारत जा, असं मशीनला एकदा सांगावं लागतं, तेव्हा ते तिला ओळखतं. ते सांगायची ती ओळ. टायपिस्ट बाईला एकदा अक्षरं बोटांत बसली की बसली. तू अडायचास, आणि आतून शब्द यायचा.

प्रॉम्प्टरला प्रॉम्प्टर होता, देवराव! हेच तुझं ते उत्तर, आणि तू मला कळू दिलं नाहीस!

"बसा भाऊजी," वहिनी म्हणाल्या. "खाली त्या कोपऱ्यात दाबा. रन म्हणते ते. आता मी सांगतो तसं मारा." त्या खिडकीशीच उभ्या राहिल्या, पाठ माझ्याकडे, नजर बाहेर.

"आर."

मी आर दाबला. वाट पाहिली. पुढचं अक्षर येईना. मला वाटलं, विसरल्या. वळून पाहिलं तर त्यांचा चेहरा खिडकीतच, ओठ मिटलेले. त्या कशासाठी तरी थांबल्या होत्या. आणि कशासाठी ते मला कळायला, माझ्यासारख्या थांबण्यावर नाव कमावलेल्या माणसालाही, बराच वेळ लागला.

"हां," मी म्हटलं.

"ई."

"हां."

"जी."

"हां."

"एस. व्ही. आर."

"हां."

"तीन. दोन. मंग जागा सोडा."

"हां."

पुढे त्या फाइलचं नाव. एस, सी, आर, आर, यू, एन. टिंब. डी, एल, एल. त्यांचं अक्षर एकही हललं नाही. वहिनी त्या दिवशी रडल्या नाहीत. रडणं असतं तर मला सोपं गेलं असतं, रडण्यात मी मुरलेला आहे.

एन्टर मारलं. पुन्हा चौकट आली, पण फुली नव्हती. झालं, असं काहीतरी लिहिलेलं. मी नकलांचं बटण दाबलं. क्षणभर काहीच नाही. मग तुझा तो जुना प्रिंटर किंचाळला, माझ्या त्या विधवेसारखा, आणि कागद बाहेर यायला लागला. आधी थोरला. मग त्याच्या बायकोचं पान, मग सावकाराचं. वहिनींनी कडी काढून खिडक्या परत उघडल्या.

गोविंदभाऊ दुसऱ्या दिवशी आले. त्यांनी एक नक्कल उचलली, लांब धरून वाचली, ओठ हलवत. कोणाचं पान होतं कोण जाणे. ठेवून दिली आणि म्हणाले, "बरं बाई. धान आलं का तांदूळ पाठवतो." मशीनचं नाव काढलं नाही.

आता माझ्या नकलेचं सांगतो. ती शेवटी निघाली. मी शेवटचं पान आधी पाहिलं, नट तसंच करतो. मरण नव्हतं. तिथे थोरल्याच्या वाक्याची शेपटी होती, "बैल जुंप", आणि पुढे माझ्यासाठी कंसात एवढंच: उठतो. तुझ्या मशीनमध्ये जुना शेवट उरलाच नव्हता, तू कधीचा पुसलेला. पण माझ्या पेटीत होता. जुनी नक्कल, कार्बनवाली नव्हे, तुझ्याच बटणातून निघालेली पहिली. मी ती जपून ठेवली होती, कधीतरी तुझ्या नाकापुढे नाचवायला: पाह्य, माही प्रत माह्याजवळ!

वडशाच्या वाचनाला मी ती खिशात घालून गेलो. सगळे जमल्यावर उभा राहिलो आणि, तू ओळखतोस मला, भाषण ठोकलं. म्हटलं, यंदा देवराव नाही. यंदा शेवट जुनाच झाला पाहिजे. मी मरेन, आणि असा मरेन की अख्खी झाडी देवरावसाठी रडेल. लोकांनी माना हलवल्या. ऑर्गनवाल्यानं डोळे पुसले. बाबाराव म्हणाला, "बरं गा. मर."

वहिनी नकलांचा गठ्ठा घेऊन एसटीनं आल्या होत्या. प्रॉम्प्टरचं पुस्तक त्यांच्याच हातात राहिलं होतं, कारण ते घ्यायला कोणाचाच हात पुढे होत नव्हता. शेवटी बाबारावच म्हणाला, "बाई, आज तुमीच वाचा. मंग पाहू." त्या दाराशी, पडद्याच्या कडेला उभ्या राहिल्या. टॉर्च लागत नव्हता, दिवस होता. तरी त्यांनी पुस्तक तसंच धरलं, छातीशी, वर उजेड पडावा तसं.

आम्ही शेवटावर आलो. मी जमिनीवर पडलो, बाबारावनं माझं डोकं मांडीवर घेतलं. डोळे मिटले. आणि देवराव, तुला खरं सांगतो, तिथे पडल्यापडल्या मला फार बरं वाटलं. सगळा महिना मी उभा होतो. वाटलं, आता उठूच नये. खिशातली नक्कल छातीला टोचत होती, तिच्यात माझं शेवटचं वाक्य होतं, चांगलं लांबलचक. मी दम घेतला.

पण आधी बाबारावचं वाक्य. बाबाराव थांबला. त्याचा गुडघा हलला, म्हणजे त्यानं मान वळवली. तो दाराकडे पाहत होता.

वहिनींनी माझं भाषण ऐकलं होतं. जुना शेवट त्यांनीच टाइप केलेला, पुस्तकात नसला तरी त्यांच्या बोटांत होता. त्यांना दोन्ही येत होते.

"ऊठ," त्या म्हणाल्या.

तुझ्यासारखं नाही. तुझा आवाज नटापाशी थांबायचा, हा सगळ्या खोलीला ऐकू गेला, बाहेर चपलांशी बसलेल्या माणसांनाही. स्वच्छ, एकेक अक्षर सुटं, टायपिस्टसारखं. आणि त्या दिवशी खिडकीशी थांबल्या होत्या तशाच त्या थांबल्या.

विंगेतून आलेलं सगळं म्हणणाऱ्या बाबारावनं तो एक शब्द मात्र उचलला नाही. वहिनी पुढे जाईनात. मी डोळे मिटून पडलेला, आणि मला कळत होतं की त्या कशासाठी थांबल्या आहेत.

माझ्या जुन्या नकलेत ते वाक्य नाही. नव्या नकलेतही नाही. मास्तरांनी ते लिहिलेलंच नाही.

"हां," मी म्हटलं.

"बैल जुंप," वहिनी म्हणाल्या.

आणि मी उठलो.